जॉर्जियन डबिंगमधील आदराचा प्रश्न

परभाषेतील चित्रपट जॉर्जियन भाषेत बोलता करावयाचा म्हणजे पडद्यावरील ओठांशी शब्दांची सांगड घालावयाची, अशी सर्वसाधारण समजूत आहे. ती अगदीच निराधार नव्हे. इंग्रजी चित्रपटातील मूल ‘मामा’ अशी हाक मारते तेव्हा त्याचे ओठ दोनदा मिटतात. जॉर्जियनमध्ये आईला ‘देदा’ म्हणतात व त्या शब्दात एकही ओष्ठ्य वर्ण नाही. ओठांना चपखल बसणारा ‘मामा’ हा शब्द त्या भाषेत आहे, पण त्याचा अर्थ बाप! (मराठी वाचकास येथे तिसराच आप्त भेटेल.) अशा ठिकाणी ओठ सोडून अर्थ राखावा लागतो.

खरी अडचण क्रियापदाची आहे. ‘आय लव्ह यू’ या वाक्यास जॉर्जियनमध्ये ‘मिक्वारखार’ हा एकच शब्द पुरतो. त्यातील आरंभीचा ‘म’ प्रेम करणाऱ्याचा, तर शेवटचा ‘खार’ प्रियजनाचा निर्देश करतो. मि-क्वार-खार अशी उच्चारात तीनच अक्षरे असल्याने वेळेचे गणितही जुळते. परंतु समोरच्या व्यक्तीस आदराने संबोधावयाचे, तर अखेरीस ‘त’ जोडून ‘मिक्वारखार्त’ म्हणावे लागते. इंग्रजी ‘यू’ याविषयी मौन पाळते. नायक ‘त्क्वेन’ सोडून ‘शेन’वर, म्हणजे ‘तुम्ही’वरून ‘तू’वर, नेमका केव्हा आला हे मूळ संहितेत लिहिलेले नसते, अनुवादकास ते प्रसंगातून ओळखावे लागते.

हा निर्णय रशियन रूपांतरावरून उचलणे सोपे असते, कारण रशियनमध्येही असा भेद आहे. पण मग दोन पात्रांची जवळीक दुसऱ्याच समाजाच्या शिष्टाचाराने मोजली जाते. ज्या भाषेचे राज्यघटनेतील स्थान राखण्यासाठी १४ एप्रिल १९७८ रोजी तिबिलिसीत लोक रस्त्यावर उतरले, तिच्या संवादांत आदराची पायरी रशियन संहितेने ठरवावी, हे विसंगत आहे.

लिंगाच्या बाबतीत तर ही मध्यस्थी निव्वळ अनावश्यक ठरते. रशियन भूतकाळ, मराठीप्रमाणेच, कर्ता पुरुष की स्त्री हे बहुधा सांगून टाकतो. जॉर्जियनमध्ये व्याकरणिक लिंग नाही. ‘इस’ हे एकच सर्वनाम तो, ती व ते या तिघांनाही चालते. त्यामुळे रहस्यपटातील खुन्याची ओळख लपविणे तिला अनायासे साधते. उलट इंग्रजी ‘शी’वर भर देऊन रहस्य उकलते तेथे जॉर्जियनमध्ये ‘ती बाई’ अशा अर्थाचा स्वतंत्र शब्द घालावा लागतो, आणि वेळ अपुरा पडतो.

मूळ आवाज मागे ठेवून त्यावर भाषांतर वाचण्याच्या पद्धतीत ओठांचा प्रश्न उरत नाही. ‘त’ लावावा की न लावावा, हा प्रश्न मात्र तेथेही तसाच राहतो.