खेळ आणि नृत्य : ‘पिंगा’च्या चित्रपटीय रूपासंबंधी

संजय लीला भन्साळी यांचा ‘बाजीराव मस्तानी’ हा चित्रपट १८ डिसेंबर २०१५ रोजी प्रदर्शित झाला. ना. सं. इनामदार यांची ‘राऊ’ ही कादंबरी त्यास आधारभूत आहे. त्यातील ‘पिंगा’वर त्या वेळी घेण्यात आलेला आक्षेप मुख्यत: इतिहासाचा होता : काशीबाई आणि मस्तानी यांनी एकत्र नाचणे संभवनीय काय ? आक्षेप रास्त असला, तरी कलाविचारास तो पुरेसा नव्हे. कल्पित कथेला अशी सवलत द्यावीच लागते. खरा प्रश्न नृत्यरचनेचा आहे, आणि तो उकलण्यास मराठीतील क्रियापदे साह्यभूत होतात.

रोहे-धाटाव भागातील बोलणे ऐकावे. मंगळागौर ‘जागवतात’, झिम्मा ‘खेळतात’, फुगडी आणि पिंगा ‘घालतात’. यांपैकी काहीही ‘नाचत’ नाहीत. याच भागातील बाल्यानाच मात्र नावापासूनच ‘नाच’ आहे. हा भेद केवळ शब्दांचा नव्हे. नाचाला प्रेक्षक अभिप्रेत असतो. खेळाला केवळ सवंगडी. श्रावणातल्या मंगळवारी रात्र जागविणाऱ्या स्त्रियांचे रिंगण आत तोंड करून असते. ताल येतो तो टाळ्यांतून, गाण्यातून आणि धापेतून. थकलेली बाहेर पडते, दुसरी तिची जागा घेते.

चित्रपटातील ‘पिंगा’ची रचना रेमो डिसूझा यांची आहे. दोन्ही नायिकांना समान पदन्यास देऊन त्यांचे बरोबरीचे नाते सूचित करण्याची त्यांची कल्पना निश्चितच नाट्यपूर्ण आहे. परंतु त्यासाठी रिंगण मोडून त्याच्या रांगा झाल्या, मुखे बाहेर वळली आणि कटिचलनात लावणीची अदा शिरली. नऊवारी व दागिने राहिले, खेळ मात्र गेला. शब्द मराठी ठेवून वाक्यरचना परकी करावी, तसे हे झाले.

रचनाकाराच्या कारकिर्दीकडे पाहिल्यास यात नवल वाटत नाही. २००९ मध्ये सुरू झालेल्या ‘डान्स इंडिया डान्स’ या दूरचित्रवाणी स्पर्धेचे ते परीक्षक होते. २०१३ च्या ‘एबीसीडी’चे दिग्दर्शनही त्यांचेच. स्पर्धेतील नृत्य समोर बसलेल्यासाठीच असते. म्हणूनच त्याच चित्रपटातील ‘दीवानी मस्तानी’ त्यांना साधले. तेथे मस्तानी कथेतच पाहणाऱ्यांसमोर नाचते, त्यामुळे प्रदर्शन हाच प्रसंगाचा धर्म ठरतो. त्या रचनेस राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार मिळाला, तो योग्यच होय.

कॅमेरा हाही प्रेक्षकच, तेव्हा खेळ दाखवावयाचा कसा, असे कोणी विचारील. कॅमेरा रिंगणाच्या आत नेता आला असता, एवढेच त्याचे उत्तर. ऐतिहासिक नृत्याची रचना करणाऱ्याने वेषभूषेची चौकशी अवश्य करावी. परंतु त्याआधी, हे कोणासाठी चालले आहे, हा प्रश्न विचारावा. तो न विचारल्यास, ज्यांनी मंगळागौर जागविलेली नाही अशा पुढच्या पिढीस पिंगा म्हणजे हेच, असे वाटेल; आणि ‘घालणे’ जाऊन ‘नाचणे’ रूढ होण्यास वेळ लागणार नाही.