मिर्यामी कुओस्मानेन: ‘सहलेखिका’ या शब्दाचं काय करायचं?

‘वाल्कोइनेन पेउरा’ (पांढरं रेनडिअर) हा १९५२ चा फिनिश सिनेमा पाहिला नसेल तर आधी पाहून घ्या. सव्वा तासाच्या आतलाच आहे, आणि पुढे मी शेवट सांगणार आहे.

दिग्दर्शक एरिक ब्लोमबेर्ग, कॅमेराही त्याचाच. १९५३ ला कान महोत्सवात, ज्याँ कॉक्तो ज्युरीचा अध्यक्ष असताना, सिनेमाला परीकथापटाचं पारितोषिक मिळालं. त्यामुळे ब्लोमबेर्गवर लिहिणं सोपं जातं: लॅपलंडचा बर्फ, तो प्रकाश वगैरे. पण पटकथेवर नावं दोन आहेत. दुसरं मिर्यामी कुओस्मानेनचं. ती त्याची बायको आणि सिनेमाची नायिका. तिची ओळख राहिली ती अभिनेत्री म्हणून. १९६३ ला, पन्नाशीच्या आतच ती गेली. लेखिका म्हणून ती बहुतेक ठिकाणी एका ओळीत संपते.

आता पटकथा बघा. पिरिताचा नवरा अस्लाक कळपामागे दिवसेंदिवस बाहेर. ती शामनकडे वशीकरणासाठी जाते. अट अशी, की घरी परतताना भेटेल त्या पहिल्या जिवाचा बळी द्यायचा. भेटतं ते अस्लाकनंच तिला दिलेलं पांढरं पाडस. म्हणजे नवऱ्याचं प्रेम मिळवायला नवऱ्याचीच भेट मारायची! मग ती स्वतःच पांढरं रेनडिअर होऊन पुरुषांना मागे ओढत नेते आणि मारते. गावातले पुरुष लोखंडी भाले घडवतात, आणि शेवटी भाला लागतो तो अस्लाकचा. भीतिपटात संकट सहसा बाहेरून येतं. इथे ते घरात वाट बघत बसलेलं आहे.

‘हा बाईचा आवाज, म्हणून हे कुओस्मानेननं लिहिलं’ असं मी पहिल्या मसुद्यात बिनधास्त लिहिलं होतं. गाईडनी समासात एकच शब्द लिहिला: कशावरून?

खरंच, कशावरून? एकटी बायको ब्लोमबेर्गलाही सुचू शकते. आणि पुरुष लिहितो तेव्हा आपण त्याचं लिंग पुरावा म्हणून देत नाही. तिचा वाटा वेगळा काढायचा तर संहितेचे मसुदे, पत्रं, हस्ताक्षर लागेल. ते हातात नसेल तर एवढंच म्हणता येतं, की पटकथेत एकटेपणा हे कारण आहे, जादू नंतर येते, आणि ती पटकथा दोघांची आहे. दावा लहान आहे, पण टिकतो. मला तरी ‘विस्मृत प्रतिभा’पेक्षा तो जास्त आवडतो.

अजून एक अडचण आहे, आणि ती मी फार उशिरा बघितली. गोष्ट सामी लोकांची आहे, पण लिहिणारे दोघंही सामी नाहीत, आणि प्रमुख भूमिकांतले नटही फिनिश. तो शामन, ते वशीकरण, सगळं बाहेरच्यांनी रंगवलेलं. एका दुर्लक्षित लेखिकेला वर काढताना आपण ज्यांची गोष्ट वापरली गेली त्यांना पुन्हा खाली ढकलतो का? कुओस्मानेनवर प्रकरण लिहिणार असाल तर हा प्रश्न तळटीपेत नको, तिच्या श्रेयाच्या चर्चेतच हवा.