कवीने झाकलेला पटकथाकार

आटपाडीजवळचं स्वतंत्रपूर म्हणजे औंध संस्थानाचं धाडस. १९३०च्या दशकाच्या अखेरीस राजेसाहेब बाळासाहेब पंतप्रतिनिधी आणि त्यांचे सहकारी मॉरिस फ्रीडमन यांनी तिथे बिनभिंतींचा तुरुंग उभारला, कैद्यांना शेतीला लावलं. औंध आज सातारा जिल्ह्यात, आटपाडी सांगलीत. याच मुलखात वाढलेल्या ग. दि. माडगूळकरांनी, म्हणजे गदिमांनी, त्या प्रयोगावरून ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) हा चित्रपट लिहिला. नाव झालं दिग्दर्शक व्ही. शांताराम यांचं, बर्लिनचा पुरस्कारही त्यांच्याच खाती जमा झाला.

पण पटकथा नीट पाहा. सहा खुनी कैदी माळावर भाजी पिकवतात, बाजारात नेतात. रास्त भावामुळे गिऱ्हाईक त्यांच्याकडे वळतं आणि व्यापारी खवळतात. मार पडतो, तरी खून केलेले हात उगारले जात नाहीत. कैद्यांची खरी परीक्षा तुरुंगात नव्हे, भाजीच्या ढिगाशी होते; उपदेशाचं एक वाक्यही लागत नाही. आठवडी बाजार जवळून पाहिलेल्या माणसालाच हे सुचावं. संध्याने साकारलेली खेळणीवाली मात्र मला वरून चिकटवल्यासारखी वाटते.

राजा परांजपे दिग्दर्शक, सुधीर फडके संगीतकार आणि लेखणी गदिमांची, या जमलेल्या त्रिकुटातून ‘लाखाची गोष्ट’ (१९५२), ‘ऊनपाऊस’ (१९५४), ‘जगाच्या पाठीवर’ (१९६०) आले. ‘ऊनपाऊस’मध्ये म्हाताऱ्या मास्तरांची आणि त्यांच्या बायकोची मुलांमध्ये वाटणी होते. खलनायक कुणीच नाही, हीच त्यातली खरी क्रूरता. दोष आहेतच: योगायोगांची उधळण आणि उत्तरार्धातलं रडणं आज सोसवत नाही.

फ्रान्समध्ये जाक प्रेव्हेर गदिमांसारखाच कवी, गीतकार आणि पटकथाकार. दिग्दर्शक मार्सेल कार्नेबरोबरच त्याचंही नाव तिथले समीक्षक घेतात. प्रेव्हेर आणि गदिमा दोघेही १९७७ साली गेले. आपल्याकडे मात्र गदिमांच्याच ‘गीतरामायणा’च्या उजेडात पटकथाकार दिसेनासा झाला.

गदिमा एकटे नव्हते: सांगलीच्याच वाळवा तालुक्यातल्या वाटेगावच्या अण्णाभाऊ साठ्यांच्या कादंबऱ्यांवर ‘वैजयंता’ (१९६१) आणि ‘फकिरा’ (१९६३) हे चित्रपट निघाले. म्हणजे सांगली-सातारा या दोन जिल्ह्यांनी पडद्याला गोष्टी पुरवल्या. आता बहुधा जागाच पुरवल्या जातात. ‘स्वदेस’साठी साताऱ्यातली मेणवली आणि ‘दबंग’साठी वाई उत्तर प्रदेश झाली. ‘लागिरं झालं जी’ या मालिकेने साताऱ्याची बोली घरोघरी नेली, हे खरं. पण त्यानंतरच्या कित्येक मालिकांत ‘लय भारी’ची फोडणी दिली की गाव उभं राहिलं, असा समज दिसतो. ऊसतोड, सहकारी कारखान्याचं राजकारण, टेंभू सिंचन योजनेचं पाणी पोहोचल्यावर बदललेला माणदेश हे सगळे विषय पटकथेची वाट पाहत पडून आहेत.

१ ऑक्टोबरला गदिमांची जयंती येते. सांगली-साताऱ्यातल्या मंडळांनी त्या दिवशी गाण्यांच्या कार्यक्रमाऐवजी एकदा ‘ऊनपाऊस’ दाखवावा आणि नंतर तासभर फक्त त्याच्या पटकथेवर बोलावं.