यमू नावाच्या मुली

एकोणिसाव्या शतकातल्या मराठी गद्यात मला चार यमुना भेटल्या. दोन खऱ्या, दोन कादंबऱ्यांतल्या. पहिली बाबा पदमनजींच्या १८५७ सालच्या ‘यमुनापर्यटन’ची नायिका. दुसरी १८६२ साली देवराष्ट्र्याच्या कुर्लेकरांच्या घरी जन्मली, तिला आपण रमाबाई रानडे म्हणून ओळखतो. तिसरी १८६५ सालची, डॉ. आनंदीबाई जोशी. आणि चौथी हरिभाऊ आपट्यांच्या ‘पण लक्षात कोण घेतो’मध्ये स्वतःची कहाणी सांगणारी. ही कादंबरी ‘करमणूक’मध्ये १८९०पासून क्रमशः येऊ लागली.

आता यमुना हे नाव बारशाचं. घरात दिवसभर यमुना, यमुना कोण करणार? घरात ती यमू.

आज यमू नावाची मुलगी शोधून सापडायची नाही. माझ्या ऑफिसात अन्वी आहे, रेवा आहे, दोन सई आहेत. यमू ऐकलं की नऊवारीतली, कपाळावर आडवी चिरी लावलेली, मालिकेतली मुलगी डोळ्यांसमोर येते. पण या दोन अक्षरी नावाच्या मागे लागलो आणि वर्षभर जुनी पुस्तकं वाचत बसलो. का, ते पुढे सांगतो.

आधी अर्थ. यमुना ही नदी, सूर्याची मुलगी आणि यमाची जुळी बहीण. ऋग्वेदात तिचं नाव यमी आहे. भाऊबीजेला यमद्वितीया म्हणतात ते याच भावंडांमुळे. त्या दिवशी यम बहिणीकडे जेवायला गेला, अशी कथा. म्हणजे ज्या घरात यमाचं नाव काढलं तर ‘भलतं बोलू नकोस’ म्हणून गप्प करायचे, त्याच घरात ‘यमू, पाणी आण’, ‘यमू, दिवा लाव’ असं दिवसातून पन्नासदा चालायचं आणि कुणाला काही वाटायचं नाही. लाडाच्या नावात मूळ अर्थ विरघळून जातो.

नदीची नावं मुलींना सर्रास देत. गंगा, गोदा, कृष्णा, भीमा, नर्मदा. गंमत अशी की मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात कोणत्या मुलीशी लग्न करू नये याची यादी आहे, आणि तिच्यात नक्षत्र, झाड, पर्वत, पक्षी यांच्याबरोबर नदीचं नाव असलेली मुलगीही येते. मनूला प्रमाण मानणाऱ्या घरांनीच गोदा आणि यमुनांनी पाळणे भरून टाकले. धर्मशास्त्र किती पाळायचं हे लोक बहुधा सोयीनं ठरवत असावेत.

आता तो शेवटचा ‘ऊ’. मला भाषाशास्त्र येत नाही, कोड लिहिता येतं. त्यामुळे एकच नियम वेगवेगळ्या नावांवर चालवून काय बाहेर पडतं ते बघायची सवय आहे. गणेशचा गण्या होतो आणि गणूही होतो. यमुनेची यमी होते आणि यमूही होते. ‘या’ आणि ‘ई’ खाली ओढतात. रागात, थट्टेत, खिजगणतीत नसलेल्याला हाक मारताना तेच तोंडात येतात. ‘ऊ’ जवळ घेतो, आणि तो मुलगा-मुलगी बघत नाही: दामू, सदू, गोदू, मनू. प्रत्यक्ष विठ्ठलाचाही विठू होतो, विठ्या म्हणायला जनाबाईइतका हक्क लागतो. म्हणजे ‘ई’मध्येही दरवेळी तुच्छता नसते, बरोबरीची सलगीही असते. हरिभाऊंच्या कादंबरीत नायिका यमू आहे आणि तिची मैत्रीण दुर्गी. दुर्गीला दुर्गू म्हटलं असतं तर काही अडलं नसतं. पण दुर्गी म्हटल्याबरोबर ती शेजारच्या अंगणात उभी राहते.

एक गोष्ट इथेच सांगून टाकतो. या चौघी पांढरपेशा घरांतल्या आहेत. छापलं गेलं ते मुख्यतः त्यांचं. ज्या बायका दुसऱ्यांच्या वाड्यांत राबायला जात त्यांना लहानपणी गंगी म्हणत आणि नातवंडं झाली तरी वाड्यावरची पोरंसुद्धा गंगीच म्हणत. ‘ऊ’पासून ‘बाई’पर्यंतचा रस्ता सगळ्यांना मोकळा नव्हता.

आता पुस्तकांकडे. ‘यमुनापर्यटन’ला कुणी मराठीतली पहिली कादंबरी म्हणतं, कुणी भारतीय भाषांतल्या पहिल्या कादंबऱ्यांपैकी एक. त्याचं पूर्ण शीर्षकच विधवांच्या स्थितीचं ‘निरूपण’ असल्याचं सांगतं. यमुना नवऱ्याबरोबर प्रवास करते, ठिकठिकाणी विधवांचे हाल बघते, पुढे स्वतः विधवा होते आणि अखेर ख्रिस्ती होऊन पुन्हा लग्न करते. पुस्तक धाडसी आहे यात वाद नाही. पण वाचताना या बाईला कुणी यमू म्हणून हाक मारेल असं मला एकदाही वाटलं नाही. तिला बालपण नाही, खोड्या नाहीत, रुसणं नाही. ती डोळे आहे, ज्यांतून पदमनजी आपल्याला दाखवतात. डोळ्यांना लाडाचं नाव लागत नाही.

तेहतीस वर्षांनी हरिभाऊ त्याच प्रश्नावर लिहायला बसतात. बालविवाह, सासुरवास, वैधव्य, केशवपन. नायिकेचं नावही तेच. पण आता ती यमू आहे आणि स्वतः बोलते. भाऊ आहे, मैत्रीण आहे, लहान मुलीच्या नजरेतून दिसणारं मोठ्यांचं घर आहे. शंकरमामंजींच्या पुढाकारानं तिचं केशवपन होतं तेव्हा आपल्याला धक्का बसतो तो एखाद्या प्रथेमुळे नाही. आपण जिला लहानपणापासून ओळखतो तिला हे झालं, म्हणून बसतो. मराठी कादंबरी निरूपणातून बाहेर आली कशी, यावर अभ्यासकांनी पुष्कळ लिहिलंय. मला त्याचं सगळ्यात लहान चिन्ह हे दिसतं: यमुनेची यमू झाली. हरिभाऊंचा पसारा आज वाचताना दमवतो, काही ठिकाणी मी सरळ पानं उलटली. तरी यमूचा आवाज शेवटपर्यंत सुटत नाही.

खऱ्या दोघींच्या बाबतीत मात्र यमू लवकर संपते. लग्नानंतर तांदळाच्या ताटात अंगठीनं नवं नाव लिहायची पद्धत तुम्ही लग्नाच्या व्हिडिओंत पाहिली असेल. ड्रोन शॉटनंतर, रुखवताच्या आधी. कुर्लेकरांची यमुना १८७३ साली, वयाच्या अकराव्या वर्षी, रानड्यांची रमा झाली. नवरा तिशी ओलांडलेला, विधवाविवाहाचा पुरस्कर्ता, आणि वडिलांच्या आग्रहापुढे नमून कुमारिकेशी लग्न करणारा. दुसरी यमू नऊ वर्षांची असताना गोपाळराव जोशांची आनंदी झाली. चौदाव्या वर्षी तिला मूल झालं आणि ते दहा दिवसांत गेलं. पुढचं आपल्याला शाळेपासून माहीत आहे: पेनसिल्व्हेनिया, १८८६ साली डॉक्टरची पदवी, आणि २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात मृत्यू, वयाची बावीस वर्षंही पुरी व्हायच्या आत.

या आयुष्यांवर आपण पुन्हा पुन्हा लिहितो. श्री. ज. जोशांची ‘आनंदी गोपाळ’ १९६८ची, समीर विद्वांसांचा त्याच नावाचा सिनेमा २०१९चा, रमाबाईंवरची ‘उंच माझा झोका’ २०१२ची. माझी तक्रार या कलाकृतींपेक्षा त्यांच्याविषयी बोलताना आपण सहज वापरतो त्या वाक्याबद्दल आहे: ‘यमूची आनंदी झाली.’ कळीचं फूल झालं, दुधाचं दही झालं, तशी यमूची आनंदी झाली. झाली कशी? कुणीतरी केली. मराठीत ‘झालं’ हे क्रियापद फार सोयीचं आहे, कर्त्याला अलगद बाजूला करून देतं. आणि एकदा ‘झाली’ म्हटलं की यमू म्हणजे कच्चा माल ठरतो, खरी बाई आनंदीपासून सुरू होते. चरित्रांच्या पहिल्या प्रकरणात यमू भातुकली खेळते, हट्ट करते, आणि लग्नाच्या पानावर तिला निरोप दिला जातो.

मूल गेल्यानंतर डॉक्टर व्हायचं ठरवणारी मुलगी कोणत्या नावाची होती? कागदावर आनंदी. पण जिला आई दटावायची, जी हट्टी म्हणून ओळखली जायची, ती यमू कुठे गेली नव्हती. नवऱ्याशिवाय बोटीनं अमेरिकेला जायला लागतो तो हट्ट तांदळात अंगठी फिरवून येत नाही.

अर्थात याला दुसरी बाजू आहे, आणि ती टाळून लिहिलं तर खोटं होईल. ती स्वतः आनंदी या नावानं वावरली, शिकली, सह्या केल्या. न्यूयॉर्क राज्यातल्या पोकिप्सी गावी, तिला घरच्यासारखं सांभाळणाऱ्या कार्पेंटरबाईंच्या कुटुंबाच्या दफनभूमीत तिची रक्षा आहे आणि दगडावर तेच नाव कोरलेलं आहे. शुक्र ग्रहावरच्या एका विवराला ‘जोशी’ हे नाव दिलंय, म्हणजे तिथे फक्त आडनाव पोचलं. रमाबाईंनीही १९१० सालचं आपलं आठवणींचं पुस्तक सासरच्याच नावानं छापलं. लादलेलं नाव माणूस वापरून वापरून आपलं करतो. मी यमूला परत आणा म्हणत नाहीये. मला खुपतं ते इतकंच की बालविवाह, विधवाविवाह, स्त्रीशिक्षण यांवर रात्रंदिवस वाद घालणाऱ्या त्या पिढीच्या सुधारकांच्या स्वतःच्या घरांत नाव पुसायची ही रीत बिनबोभाट चालू राहिली. तिकडे बायकोनं नवऱ्याचं नाव घ्यायचंच नाही. तिनं ‘इकडून’, ‘तिकडची स्वारी’ अशा दिशा दाखवायच्या, नाहीतर उखाण्यात गुंडाळायचं. त्यानं तिचं नाव बदलायचं, तिनं त्याचं उच्चारायचंही नाही.

एक धागा मला फार आवडतो. आनंदीबाईंचं मराठीतलं महत्त्वाचं चरित्र काशीबाई कानिटकरांनी लिहिलं. काशीबाई आणि हरिभाऊ आपटे स्नेही होते, त्यांचा पत्रव्यवहार होता. म्हणजे त्याच काळात एक जण यमूला कागदावर बोलतं करत होता आणि त्याची मैत्रीण आनंदीचं आयुष्य गोळा करत होती. त्यांच्या बोलण्यात या दोन नावांची कधी गाठ पडली असेल का, याची मी नुसती कल्पना करत बसतो.

आता, मी यात कसा पडलो ते. आमच्याकडे वंशावळ आहे. जुनी वही फाटायला आली म्हणून सगळं एक्सेलमध्ये घालायचं काम ‘तू कॉम्प्युटरवाला’ या एका पात्रतेवर माझ्याकडे आलं. वहीत पुरुषांच्या सात पिढ्या आणि बायका कंसात. मी हौसेनं ‘माहेरचं नाव’ असा रकाना केला आणि फोन करत सुटलो. आजीच्या पिढीपर्यंत जमलं. पणजीपाशी अडलं. सातबाऱ्यावर लक्ष्मीबाई, मृत्यूच्या दाखल्यावर लक्ष्मीबाई. त्या काळच्या निम्म्या सुना लक्ष्मीच असायच्या. ‘स्मृतिचित्रे’ लिहिणाऱ्या लक्ष्मीबाई टिळकही माहेरच्या मनकर्णिका, आणि झाशीची राणीही. दोन मनू, दोघींच्या लक्ष्मी. आमच्या पणजीचं मूळ नाव मात्र कुणालाच ठाऊक नव्हतं. तिच्या मुलांनाही कधी विचारावंसं वाटलं नव्हतं.

शेवटी वडिलांच्या एका आत्याला विचारलं. वय नव्वदीच्या पुढे, कान गेलेले, फोनवर मोठ्यानं ओरडावं लागतं. नाव तिलाही माहीत नव्हतं. पण तिच्या लहानपणी पणजीचा म्हातारा भाऊ दर दिवाळीला यायचा, भाऊबीजेला. दारातून आत यायच्या आधीच हाक मारायचा. ती हाक आत्यानं मला फोनवर मारून दाखवली, त्याच्या आवाजात, शेवटचं अक्षर लांबवून: ‘यमेऽऽ!’ आणि मग म्हणाली, ‘तेवढा दिवस आई पदर खोचून पळत जायची बघ. एरवी कधी पळायची नाही.’

बारशाला आत्या पहिलं नाव कानात सांगते. दुसरं नवरा तांदळात लिहितो. हे तिसरं कुणी ठेवलेलं नसतं, ते माणसांच्या तोंडून आपोआप पडतं आणि ती माणसं गेली की जातं. पणजीच्या बाबतीत ते एका मुलीच्या कानात ऐंशी-पंच्याऐंशी वर्षं राहिलं.

‘माहेरचं नाव’ या रकान्यात मी काय लिहावं? यमुना लिहिलं तर तो माझा अंदाज. तिचं पाळण्यातलं नाव यमुना असेल किंवा यमाई असेल, दाखला नाही. यमू लिहिलं तर भावाची खूण पुसली जाते. शेवटी तो रकाना रिकामा ठेवला आणि अगदी उजवीकडे, सरकारी तक्त्यात असतो तसा ‘शेरा’ नावाचा एक जादा रकाना केला. सात पिढ्यांच्या तक्त्यात त्या रकान्यात आजवर एकच नोंद आहे: ‘भाऊ यमे म्हणत असे.’