चाल ओळखीची, नाव अनोळखी

‘द फोर हंड्रेड ब्लोज’ पाहिलेल्या कुणालाही शेवट विचारा. समुद्रापर्यंत पळत गेलेला आंत्वान, त्याचं वळून आपल्याकडे पाहणं आणि तिथेच थांबलेली फ्रेम. दिग्दर्शक त्रुफो, आंत्वान झालेला ज्याँ-पिएर लेओ ही नावं सिनेमावेडे घडाघडा सांगतात. संगीत कुणाचं, म्हटलं की गाडी अडते.

ते ज्याँ कोंस्तांताँचं (१९२३-१९९७). हा मूळचा गायक, पॅरिसच्या म्युझिक हॉलमधला. जाडजूड मिशा, पियानो आणि हसवणारी गाणी ही त्याची ओळख. त्याची गाजलेली कामं मात्र दुसऱ्यांच्या नावावर जमा आहेत. ‘मों मानेज आ म्वा’ म्हटलं की १९५८ची एदिथ पियाफ आठवते. त्याचे शब्द कोंस्तांताँचे. ‘मों त्र्युक आँ प्ल्यूम’ म्हटलं की पिसांच्या पंख्यांमधली झीझी जाँमेर. त्याची चाल कोंस्तांताँची.

अशा माणसाला आपण ‘हलकाफुलका’ म्हणतो आणि पुढे जातो. पण त्रुफोच्या १९५९च्या या पहिल्याच मोठ्या सिनेमाला तो हलकेपणाच तारून नेतो, असं मला वाटतं.

गोष्ट आहे घरात नकोशा झालेल्या, शेवटी सुधारगृहात पोचलेल्या मुलाची. इथे व्हायोलिनांनी गळा काढणं अगदी सोपं होतं. कोंस्तांताँ शिट्टीवर वाजवता येईल अशी चाल देतो. सुरुवातीला कॅमेरा पॅरिसच्या रस्त्यांवरून आयफेल टॉवरभोवती फिरतो, तेव्हा ती ऐका. तिच्यात उदासी आहे, पण शाळा बुडवून भटकणाऱ्या पोराचा उनाडपणाही आहे. पुढे रात्री पोलिसांच्या गाडीत, गजांमागे आंत्वानच्या डोळ्यांत पाणी येतं. संगीत तिथेही त्याची कीव करत नाही. म्हणूनच ते पाणी आपल्याला झेपत नाही. शेवटच्या धावेत तर बराच वेळ फक्त पावलांचा आवाज आहे.

सिनेमापासून सुटं काढून ऐकलं तर हे संगीत थोडं तेच-ते वाटतं, हे मान्य. मोजक्याच चाली, त्याच फिरून येतात. पुढच्याच सिनेमात, १९६०च्या ‘शूट द पियानो प्लेयर’मध्ये, त्रुफोने जॉर्ज देलरूला घेतलं, आणि देलरू जास्त खोल, जास्त घडवलेला संगीतकार होता यात वाद नाही. आंत्वानची गोष्टही पुढे सुरू राहिली. १९६२च्या लघुपटाला संगीत देलरूचं, १९६८च्या ‘स्टोलन किसेस’ला आंत्वान द्युआमेलचं. आंत्वान मोठा होऊन परत येत राहिला, कोंस्तांताँ आला नाही.

पण त्या मुलाचं बालपण ज्या चालीत राहिलं, ती याची आहे. पुढच्या वेळी सिनेमा लावाल तेव्हा सुरुवातीची नावं पुढे ढकलू नका. आयफेल टॉवर झाडांआडून, इमारतींआडून डोकावत असतो, तेवढ्यात एक नाव येऊन जातं. ते वाचा.