राजाईचें गाऱ्हाणें

हिंगोली जिल्ह्यांतील नरसी हें गांव परंपरेनें नामदेवांचें जन्मस्थान मानलें जातें. त्यांच्या गाथेंत त्यांच्या घरचीं माणसेंही बोलतात, इकडे मात्र आमच्या टीकाकारांचें लक्ष क्वचितच जातें. माता गोणाई पुत्र हिरावून घेतल्याबद्दल विठ्ठलाशीं भांडते. पत्नी राजाई घरच्या दैन्याचें गाऱ्हाणें रुक्मिणीकडे नेते. हीं पदें त्यांचींच कीं मागाहून कोणी रचलेलीं, हा वाद संशोधकांनीं खुशाल चालवावा. परंतु राजाईस कजाग, प्रपंचासक्त बायको समजून हंसण्याची जी रीत पडली आहे, ती आम्हांस मान्य नाहीं. चूल पेटली नाहीं तर लेकरांच्या मुखीं काय घालावें, या तिच्या प्रश्नाचें उत्तर भजनांत नाहीं.

तथापि राजाईला पति घरीं परत हवा आहे, एवढेंच. घराची घडी तिला मान्यच आहे. हरिभाऊ आपट्यांची 'पण लक्षांत कोण घेतो' ही कादंबरी १८९० पासून 'करमणूक' पत्रांत येऊं लागली. तींतील यमूचें दुःख त्या घडींतूनच उपजतें: बालविवाह, सासुरवास, वैधव्य, केशवपन. पुढें १९३३ सालीं विभावरी शिरूरकरांच्या 'कळ्यांचे निःश्वास'मध्यें आणखी एक पालट दिसतो. मुलगी शिकली, मिळवती झाली, आणि तिच्या पगारावर बापाचाच संसार विसंबूं लागला! भाकरीचा प्रश्न राजाईचाच. पण भाकरी आणणारी आतां लेक, आणि स्वतःचा संसार मागणें हा तिचा अपराध.

तिच्यापुढें रुक्मिणी नव्हती, वाचक होते. आणि वाचकांनीं गाऱ्हाणें बाजूस ठेवून या टोपणनांवामागें कोण आहे, याचाच शोध आरंभिला.