काळ घडवणारी वस्तू : अंगठी, बखरीचे पान आणि पेणची मूर्ती

अद्भुतकथेतील जादूची वस्तू ही समीक्षेला नवी नाही. व्लादिमिर प्रॉप यांनी 1928 साली लोककथेच्या रूपविचारात तिला नायकाच्या हाती येणारे साधन म्हणून स्थान दिले. परंतु जी वस्तू नायकाला केवळ साहाय्य न करता कथाविश्वातील काळाचीच घडण ठरवते, तिचा विचार साधनाच्या कल्पनेत पुरतेपणी बसत नाही. अशी वस्तू असते तोवर त्या विश्वात काळ एका रीतीने वाहतो. ती नाहीशी झाली की काळाची रीत पालटते. मराठी कल्पनासाहित्यात या वस्तूचे स्वरूप काय आहे, एवढाच मर्यादित प्रश्न येथे अभिप्रेत आहे.

तुलनेसाठी टोल्किन यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' (1954-55) या कादंबरीतील एल्फांच्या तीन अंगठ्या घेता येतील. त्यांचे सामर्थ्य विध्वंसाचे नाही, जतनाचे आहे. त्या झीज थोपवतात आणि ऱ्हास लांबवतात. त्यामुळे लोथलोरिएनच्या वनात काळ बाहेरच्याहून निराळा भासतो. मूळ अंगठी नष्ट होताच हे सामर्थ्यही संपते आणि थोपवलेला काळ पुन्हा वाहू लागतो. काळाला धरून ठेवण्याची आकांक्षा आणि ते अखेर अशक्य असल्याची जाणीव, या दोहोंच्या ताणातून त्या विश्वाची शोकात्मता सिद्ध होते.

मराठीत या जातीच्या वस्तू शोधू गेल्यास जयंत नारळीकर यांच्या दोन कथा समोर येतात. 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत इतिहासाचे प्राध्यापक असलेले गंगाधरपंत मराठ्यांनी 1761 चे पानिपत जिंकलेल्या पर्यायी जगात जाऊन परततात. त्यांच्यापाशी उरते ते एका ग्रंथाचे फाटके पान. भाऊसाहेबांच्या बखरीत विश्वासरावांना गोळी लागते. या पानावर ती त्यांना चाटून जाते. दोन पाठांतील अंतर एका वाक्याचे, पण त्या अंतरात दोन इतिहास मावतात. पाठभेदाला काळभेदाची योग्यता देणे ही या कथेची खरी कल्पकता होय. बखरीची परंपरा असलेल्या भाषेतच ती इतक्या सहजपणे सुचू शकते.

'उजव्या सोंडेचा गणपती' या कथेत मोबियसच्या पट्टीच्या न्यायाने डावे-उजवे पालटते. क्रिकेटपटू डावखुरा होतो आणि मूर्तीची सोंड उजवीकडे वळते. येथे पालट अवकाशाचा आहे, काळाचा नाही. तरी दोन्ही कथांतील वस्तूंचे कार्य एकच आहे : त्या काळ वा अवकाश घडवत नाहीत, तो पालटल्याची साक्ष देतात. त्या साधन नव्हेत, पुरावा होत. त्सवेतान तोदोरोव्ह यांनी 1970 साली अद्भुताचे मर्म वाचकाच्या दोलायमानतेत मानले. फाटके पान ही दोलायमानता क्षणभर निर्माण करते. पण लगेच राजेंद्र देशपांडे शास्त्रीय उपपत्ती सांगतात आणि ती मावळते. विज्ञानकथेचा हा धर्मच आहे, हे मान्य करूनही म्हणावे लागते की, पान जे सुचवते ते उपपत्तीपेक्षा मोठे आहे.

मराठी मनाला काळ घडवणारी वस्तू अपरिचित आहे, म्हणून असे घडते काय? रायगड जिल्ह्यातील पेणकडे पाहिले तर उत्तर नकारार्थी येते. पेण आणि हमरापूर, जोहे या परिसरातील गणपतीच्या कारखान्यांत वर्ष भाद्रपदाच्या संदर्भात मोजले जाते. शाडूची माती साच्यात दाबणे, सुकवणे, रंगकाम आणि शेवटी डोळ्यांची आखणी या क्रमाने वर्ष पुढे सरकते. साचा ही वस्तूही लक्षणीय आहे. त्याच्या पोकळीत पाहिले की डाव्या सोंडेचा गणपती उजव्या सोंडेचा दिसतो. नारळीकरांच्या कथेतील अपूर्व घटना कारागिराच्या नित्य व्यवहारात अशी दडलेली आहे.

अधिक महत्त्वाचे हे की, ही मूर्ती काळ धरून ठेवण्यासाठी घडवलेली नसते. प्राणप्रतिष्ठेने तिचा काळ सुरू होतो, उत्तरपूजेने संपतो आणि विरघळण्याने पुढील वर्षाला वाट मिळते. एल्फांच्या अंगठ्यांचे सामर्थ्य संपते तेव्हा एक युग संपते. मूर्ती विरघळते तेव्हा वर्षचक्र पूर्ण होते. रोह्याच्या धावीर महाराजांच्या पालखीचे रूप याहून वेगळे आहे. ती विरत नाही, दसऱ्यानंतर गावातून फिरून परत येते. विरघळणे आणि परतणे, अशा काळाच्या दोन रचना एकाच जिल्ह्यात शेजारी नांदतात. दोहोंतही वस्तूचे सामर्थ्य तिला कवटाळण्यात नाही, सोडण्यात आहे.

या रचनेला आलेला तडा साहित्यविचारालाही दखल घ्यावी असा आहे. प्लास्टर ऑफ पॅरिसची मूर्ती पाण्यात लवकर विरघळत नाही. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने 2020 च्या सुधारित मार्गदर्शक तत्त्वांत अशा मूर्तींवर बंदी घातली. पुढे जून 2025 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने मूर्ती घडवण्यास वाट दिली, पण नैसर्गिक जलाशयांत विसर्जनास नाही. हा वाद पर्यावरणाचा आणि पेणच्या कारागिरांच्या उपजीविकेचा आहेच. त्याचबरोबर, न विरघळणारी मूर्ती ओहोटीनंतर किनाऱ्यावर उरते, तेव्हा संपलेला काळ संपल्याची कबुली देत नाही, असा त्याचा प्रतीकात्म अर्थही आहे. ती नकळत अंगठीच्या जातीत जाते, मात्र अंगठीची शोकात्मता तिला लाभत नाही.

मराठी अद्भुतकथेला काळवस्तू बाहेरून आणावी लागेल, हा समज त्यामुळे तपासून घ्यावा लागतो. नारळीकरांनी बखरीचे पान आणि गणपती या दोन्ही वस्तू घरातूनच उचलल्या, हे त्यांचे श्रेय निर्विवाद आहे. परंतु त्यांनी त्या पुराव्याच्या पातळीवर ठेवल्या. विरघळण्यातूनच काळ घडवणाऱ्या वस्तूभोवती उभे राहिलेले स्वायत्त कल्पित विश्व, ही यापुढची शक्यता आहे. आणि तिची सामग्री पेणच्या ओल्या मातीत केव्हाचीच तयार आहे.